मूळ कागद कुठे आहे?

एक खोटे खरेदीखत उभे करायला किती माणसे लागतात? जमीनमालक म्हणून दुय्यम निबंधकासमोर उभा राहणारा तोतया एक. ‘यांना आम्ही ओळखतो’ म्हणून सही-अंगठा करणारे दोघे. मसुदा लिहिणारा एक. सातबारा, आठ-अ, वारसांची नावे जमवून आणणारा दलाल एक. पैसा लावणारा एक. दस्त कुलमुखत्यारपत्राच्या आधारे झाला असेल तर त्यावर शिक्का मारणारा नोटरी एक, आणि पुढे फेरफार धरताना कुणी डोळेझाक केली असेल तर तोही. पेण असो वा रोहा, फिर्याद दाखल होते तेव्हा या सात-आठ जणांची नावे एकाच परिच्छेदात येतात आणि कलमांची माळही सगळ्यांच्या गळ्यात तीच पडते: फसवणूक, मौल्यवान दस्ताची बनावट, फसवणुकीसाठी बनावट, बनावट दस्त खरा म्हणून वापरणे, आणि कट. मग अटकपूर्व जामिनाचे अर्ज सुरू होतात. सर्वांत आधी अर्ज येतो तो बहुधा पैसा लावणाऱ्याचा. सर्वांत शेवटी, आणि पुष्कळदा कधीच न येणारा, अर्ज असतो ओळख पटवणाऱ्या त्या दोघांचा.

या सगळ्यांना एकच तराजू लावायचा का, हा या लेखाचा प्रश्न आहे. ‘कागदपत्रांचे गुन्हे आहेत, पुरावा कागदावरच असतो, अटक कशाला?’ असे एक बाजू म्हणते. ‘आयुष्याची कमाई लुटणाऱ्याला अटकेआधीच संरक्षण? मग गरिबाने कुठे जायचे?’ असे दुसरी. दोन्ही वाक्यांत तथ्य आहे. पण दोन्ही वाक्ये ज्या अर्जदाराला समोर ठेवून उच्चारली जातात, तो प्रत्येक वेळी वेगळा माणूस असतो.

रायगडात हा प्रश्न का पेटतो, ते जमिनीकडे पाहिल्यावर कळते. २००८ च्या सप्टेंबरमध्ये हेटवणे धरणाच्या लाभक्षेत्रातल्या पेण तालुक्यातील २२ गावांत सेझसाठी जमीन द्यायची की नाही यावर शेतकऱ्यांचे मत घेतले गेले, तेव्हापासून इथल्या भातखाचरांकडे मुंबईची नजर लागलेली आहे. आता अटल सेतू झाला, उलव्याला विमानतळ झाला, पेण-उरण-पनवेलच्या गावांवर तिसऱ्या मुंबईचा आराखडा पडला. रोह्याकडे औद्योगिक क्षेत्रांच्या अधिसूचना निघतात. जमिनीचा भाव वाढला, पण कागद मात्र जुनाच राहिला. सातबाऱ्यावर अजून आजोबांचे नाव. आजोबा वारून तीस वर्षे झाली, वारस तपास झाला नाही, एक मुलगा गिरणीत लागला म्हणून लालबागला गेला, एक बडोद्याला, दोन बहिणी लग्न करून अलिबाग आणि माणगावला. गावात राहिलेला धाकटा भाऊ शेत लावतो आणि बाकीचे गणपतीला येतात. अशा कागदावर तोतया उभा करणे सोपे जाते, कारण खरा मालक समोर येऊन ‘मी तो नव्हेच’ असे म्हणण्याची शक्यताच नसते. नोंदणी कार्यालय दस्त करून देणाऱ्याची ओळख पाहते, जमीन खरोखर त्याचीच आहे का हे तपासणे त्याच्या कामात बसत नाही. फोटो आणि अंगठा संगणकावर घेतला जाऊ लागल्यापासून तोतया ओळखणे सोपे झाले हे खरे. पण नोटरीसमोरचे जुने मुखत्यारपत्र पुढे करून केलेल्या दस्तात फोटो येतो तो मुखत्याराचा. मालकाची सही त्या जुन्या कागदावर असते, आणि तो कागद कुठे आहे हे अनेकदा फक्त आरोपीला ठाऊक असते.

माझ्या मते या प्रकरणांत जामिनाचा निर्णय इथूनच सुरू व्हावा. रक्कम किती, आरोपी किती वजनदार, गावात बोभाटा किती झाला, हे नंतर. आधी हे विचारावे की ज्याच्यावर सगळा खटला उभा राहणार तो मूळ कागद आज कुणाच्या हातात आहे?

कायदा काय सांगतो ते थोडक्यात पाहू. १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत अटकपूर्व जामीन नव्हता. विधी आयोगाने १९६९ च्या एकेचाळिसाव्या अहवालात तो सुचवला. वजनदार माणसे प्रतिस्पर्ध्याला खोट्या प्रकरणात गुंतवून काही दिवस तुरुंगात बसवतात, हे त्यामागचे कारण आयोगाने दिले होते. १९७३ च्या संहितेत ते कलम ४३८ झाले. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ते कलम ४८२ म्हणून आले आहे. ज्या निकालावर आजही सगळे उभे आहे तो १९८० चा, पंजाबच्या गुरबक्षसिंग सिब्बिया यांच्या प्रकरणातला. पाच न्यायमूर्तींच्या पीठासाठी तो लिहिला सरन्यायाधीश यशवंत विष्णू चंद्रचूड यांनी. उच्च न्यायालयाने असे ठरवले होते की गंभीर आर्थिक भ्रष्टाचाराच्या प्रकरणांत हा अधिकार वापरूच नये. चंद्रचूडांच्या पीठाने अशी कुंपणे घालायला नकार दिला. कायदेमंडळाने न घातलेल्या अटी न्यायालयाने घालू नयेत, प्रत्येक प्रकरण त्याच्या वस्तुस्थितीवर तोलावे, असा त्याचा रोख होता. २०२० मध्ये सुशीला अग्रवाल प्रकरणात पुन्हा पाच न्यायमूर्तींनी तीच वाट धरली आणि हे संरक्षण साधारणपणे ठरावीक मुदतीपुरते बांधून ठेवू नये असे सांगितले.

मग आर्थिक गुन्ह्यांबद्दलचा कठोरपणा आला कुठून? पी. चिदंबरम यांच्या २०१९ च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने आर्थिक गुन्हे हा वेगळा वर्ग मानला आणि अटकेआधीचे संरक्षण तपासाची धार बोथट करू शकते असे म्हटले. कोठडीत विचारपूस झाली की जे बाहेर येते ते ‘माझ्यामागे न्यायालयाचे छत्र आहे’ अशा बेफिकिरीने बसलेल्या माणसाकडून येत नाही, हे मत त्याआधीही १९९७ मध्ये न्यायालयाने मांडले होते. अर्जावरच्या तपास अधिकाऱ्याच्या लेखी म्हणण्यात, म्हणजे ‘से’मध्ये, म्हणून एक वाक्य ठरलेले असते: कोठडीतील चौकशी आवश्यक आहे. कशासाठी, ते पुष्कळदा लिहिलेले नसते.

पेणच्या माणसाला हा कठोरपणा पटतो, आणि त्याला तसे वाटण्याचा हक्क आहे. २०१० मध्ये रिझर्व्ह बँकेने पेण अर्बन को-ऑपरेटिव्ह बँकेच्या व्यवहारांवर निर्बंध आणले. बोगस कर्जखाती दाखवून पाचशे कोटींहून अधिक रुपये वळवल्याचा आरोप पुढे आला. ठेवीदार सुमारे दोन लाख. त्यात गणपतीच्या कारखान्यांत वर्षभर मूर्ती रंगवणारे होते, पापड लाटून पैसे साठवणाऱ्या बायका होत्या, जमिनीचा मोबदला मुलीच्या लग्नासाठी ठेवलेले शेतकरी होते, निवृत्त शिक्षक होते. ठेव विम्याचे संरक्षण त्या वेळी एक लाखापर्यंतच होते, ते पाच लाखांवर गेले २०२० मध्ये. मोर्चे निघाले, संघर्ष समिती उभी राहिली, वर्षांमागून वर्षे गेली, ठेवीदार म्हातारे झाले, काही वाट पाहता पाहता गेले. नंतर पनवेलच्या कर्नाळा नागरी सहकारी बँकेतही बनावट कर्जांचे आरोप झाले आणि २०२१ मध्ये तिचा परवाना रद्द झाला. रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर चिंतामणराव देशमुख हे याच जिल्ह्याचे, रोह्याशी जोडलेले. त्यांच्या जिल्ह्यात सहकारी बँकेचे पासबुक हा भरवशाचा कागद राहिला नाही, याचे दुःख मोठे आहे.

ज्याने असे पासबुक हातात धरून दहा वर्षे काढली, त्याला ‘अर्जदाराचे संरक्षण पुढील तारखेपर्यंत कायम’ हे वाक्य कसे ऐकू येत असेल? त्याला वाटते, माझ्या पैशांवर स्थगिती आणि त्याच्या अटकेवरही स्थगिती. हा राग अज्ञानातून आलेला नाही. अंतरिम संरक्षण म्हणून दिलेला आदेश महिनोन्‌महिने वाढत जातो, तोवर तपास अधिकारी बदलतो, नवीन अधिकारी फाइल वाचायला वेळ मागतो, सरकारी वकील ‘से’ दाखल करायला तारीख मागतात, आणि त्या काळात जमीन तिसऱ्याच्या, तिसऱ्याकडून चौथ्याच्या नावावर जाते. या दिरंगाईला न्यायालयाचा उदारपणा जितका जबाबदार असतो, त्याहून जास्त जबाबदार कोरा ‘से’ असतो.

तरीही बँक बुडवल्याचा आरोप असलेल्यासाठी लावलेला काटा घराघरांतल्या भांडणाला लावला तर काय होते, तेही पाहायला हवे. तालुक्याच्या पोलीस ठाण्यात बनावटीची तक्रार घेऊन येणारा प्रत्येक जण तोतयाने लुबाडलेला असतो असे नाही. बहिणींच्या सह्यांचे हक्कसोडपत्र घ्या. २००५ च्या दुरुस्तीने वडिलोपार्जित मालमत्तेत मुलीला मुलाइतकाच वाटा मिळाला. त्यानंतर जमिनीचा भाव वाढला तशी पंचवीस वर्षांपूर्वीची हक्कसोडपत्रे घराघरांत पुन्हा उघडली गेली. काही ठिकाणी बहिणीची सही भावाने खरोखरच ठोकून दिलेली असते, तो उघड गुन्हा आहे. काही ठिकाणी बहिणीने तेव्हा मायेने सही केलेली असते आणि आता तिच्या मुलांना ते पटत नाही. दोन्ही ठिकाणी फिर्यादीची भाषा एकच असते. आणि दिवाणी दावा लावला तर निकाल नातवंडांच्या काळात लागेल, पण फौजदारी गुन्हा नोंदवला की आठवड्यात समोरचा बोलणी करायला येईल, हा व्यवहारज्ञानाचा सल्ला गावोगाव दिला जातो. सर्वोच्च न्यायालयाने दिवाणी वादाला फौजदारी रंग देण्याविरुद्ध वारंवार बजावले आहे. त्याचा परिणाम सल्ला देणाऱ्यांवर फारसा झालेला नाही.

इथे कलमांच्या मांडणीतली एक गोष्ट सामान्य वाचकाने समजून घेतली पाहिजे, कारण तिच्यावर पुष्कळ काही फिरते. फसवणुकीच्या जुन्या ४२० कलमाला, म्हणजे आताच्या भारतीय न्याय संहितेतल्या ३१८(४) ला, सात वर्षांपर्यंत शिक्षा आहे. सात वर्षांपर्यंतच्या गुन्ह्यांत पोलिसांनी आपोआप अटक करू नये, आधी हजर राहण्याची नोटीस द्यावी आणि अटक करायचीच तर कारणे लिहावीत, असे २०१४ च्या अर्नेश कुमार निकालाने घालून दिले. पण मौल्यवान दस्ताच्या बनावटीचे जुने ४६७, आताचे ३३८, जन्मठेपेपर्यंत जाते. ते एक कलम फिर्यादीत आले की नोटिशीची ती ढाल निसटते. त्यामुळे अटक घडवून आणायची असेल तर ४६७ जोडले जाते आणि अटक टाळायची असेल तर ते का लागत नाही यावर युक्तिवाद होतो. सगळा जामीन अर्ज त्या एका कलमाभोवती फिरतो.

आणि ते कलम लागते केव्हा? २००९ च्या मोहम्मद इब्राहिम प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने एक सूक्ष्म पण फार उपयोगी भेद केला. स्वतःची नसलेली जमीन माझीच आहे असे सांगून एखाद्याने स्वतःच्या नावाने, स्वतःच्या सहीने विकली, तर त्याने खोटे विधान केले. पण कायद्याच्या अर्थाने ‘खोटा दस्त’ बनवला असे होत नाही. दुसऱ्याच्या नावाने सही करणे, तोतया उभा करणे, कागदात मागाहून फेरबदल करणे ही बनावट. पहिल्या प्रकारात खरेदीदाराची फसवणूक झाली असेल, तो गुन्हा आहेच, पण जन्मठेपेचे कलम तिथे बसत नाही. भावाने बहिणीचा हिस्सा लपवून ‘मी एकटाच वारस’ म्हणून स्वतःच्या सहीने सगळी जमीन विकली, हा पहिला प्रकार. बहिणीच्या जागी दुसरी बाई उभी करून हक्कसोड नोंदवले, हा दुसरा. फिर्यादीत दोन्ही प्रकरणांना ‘बनावट दस्त’च म्हटलेले असते. अटकपूर्व जामिनाच्या पहिल्याच तारखेला न्यायालयाने एवढा भेद तपासला, तरी निम्मे धुके ओसरेल असे मला वाटते.

आता कोठडीकडे वळू. अटक नाकारायची की होऊ द्यायची याचा प्रामाणिक हिशेब मांडायचा तर कोठडीतून नेमके काय मिळणार, हे विचारावे लागते. पोलीस कोठडी एकूण पंधरा दिवसांचीच असते. त्यानंतर आरोपी न्यायालयीन कोठडीत जातो आणि तिथे महिने काढतो, ते तपासाच्या कामाचे नसतात. म्हणजे अर्ज फेटाळताना न्यायालय तपासाला देते ते जास्तीत जास्त पंधरा दिवस, आणि आरोपीकडून घेते ते अनिश्चित काळ. हे पंधरा दिवस कशासाठी हवेत? सहीचे नमुने? त्यासाठी अटक लागत नाही. आरोपीला हस्ताक्षराचे नमुने द्यायला लावणे म्हणजे स्वतःविरुद्ध साक्ष द्यायला लावणे नव्हे, हे मुंबई राज्य विरुद्ध काथी कालू ओघड या १९६१ च्या प्रकरणात अकरा न्यायमूर्तींनी ठरवले. आणि नव्या सुरक्षा संहितेने दंडाधिकाऱ्याला आता अटक न झालेल्या माणसाकडूनही, कारणे नोंदवून, असे नमुने मागण्याचा अधिकार दिला आहे. बँकेची खाती? ती बँकेतून मिळतात. नोंदणीकृत दस्त? त्याची प्रत निबंधकाच्या दप्तरात आहे, फोटो-अंगठ्यासह. आरोपीने दाखवलेल्या जागेवरून एखादी वस्तू हस्तगत करायची असेल तर अटकपूर्व जामिनावर असलेल्याची मर्यादित कोठडीही त्यासाठी पुरते, असे सुशीला अग्रवाल निकालातच म्हटले आहे.

पण मूळ मुखत्यारपत्र आरोपीच्या घरातल्या कपाटात असेल तर? रबरी शिक्के कुठे बनवून घेतले, कोऱ्या मुद्रांकांवर मागची तारीख कुणी टाकली, तोतया म्हणून उभी केलेली बाई कोण आणि आता कुठे आहे, हे फक्त त्यालाच ठाऊक असेल तर? इथे कोठडीची गरज खरी आहे. संरक्षण मिळालेला माणूस चौकशीला वेळेवर हजर राहतो, चहा घेतो, ‘आठवत नाही’ म्हणतो आणि सहा वाजता घरी जातो. दरम्यान कपाटातला कागद चुलीत जातो. खुनातले हत्यार सापडले नाही तरी मृतदेह असतो, साक्षीदार असतात. बनावटीच्या प्रकरणात मूळ कागद हेच हत्यार आणि तोच मुद्देमाल. तो नष्ट झाला की हस्ताक्षर तज्ज्ञापुढे ठेवायला झेरॉक्स उरते, आणि झेरॉक्सवरून शाईचे वय कळत नाही, हाताचा दाब कळत नाही.

म्हणून माझा कल असा. ज्याचा वादग्रस्त कागद आधीच सरकारी दप्तरात, बँकेत किंवा न्यायालयात सुरक्षित आहे, ज्याचा ठावठिकाणा पक्का आहे, त्याला संरक्षण द्यायला न्यायालयाने कचरू नये, रकमेचा आकडा कितीही मोठा असो. ज्याच्याकडे मूळ कागद आहे आणि जो तो हजर करत नाही, त्याला ते देऊ नये, रकमेचा आकडा कितीही लहान असो. मधला मार्गही आहे: अंतरिम संरक्षण देताना आठ दिवसांत मूळ दस्त तपास अधिकाऱ्याकडे पंचनाम्याने जमा करण्याची अट घालावी. जो खरा आहे तो धावत आणून देईल. ‘हरवला’ म्हणणाऱ्याला लगेच खोटारडा ठरवता येणार नाही हे मला मान्य आहे. २००५ च्या जुलैतल्या पुराने या जिल्ह्यातल्या किती घरांतले कागद चिखलात घातले, हे इथल्या लोकांना सांगायला नको. पण पुरात गेलेला कागद पाच वर्षांनी दस्त नोंदवताना जोडला गेला असेल तर तो पुरात गेलेला नव्हता, एवढा साधा हिशेब न्यायालयाला करता येतो.

अटींचा विषय निघाला म्हणून पैशाच्या अटीबद्दल. अर्जदार स्वतःहून म्हणतो, अमुक लाख रुपये न्यायालयात भरतो, मला अटक करू नका. फिर्यादीचा वकील विरोध मवाळ करतो. न्यायालय तसा आदेश देते आणि सगळे समाधानी दिसतात. २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने यावर स्पष्ट नापसंती दाखवली: फसवणुकीच्या प्रकरणांत जामीन ही वसुलीची प्रक्रिया नव्हे, रक्कम भरण्याच्या तयारीवर स्वातंत्र्य ठरू नये. ठेवीदाराच्या बाजूने विचार केला तर हे कठोर वाटते. दहा वर्षांनी निकाल लागून काही मिळण्यापेक्षा आज चार लाख पदरात पडले तर का नको? मला त्याची अडचण समजते, आणि तरी सर्वोच्च न्यायालयाचे म्हणणे बरोबर वाटते. कारण त्या अटीने पैसेवाला दोषी बाहेर राहतो आणि बिनपैशाचा निर्दोष आत जातो. शिवाय पोलीस ठाणे वसुलीचे दुकान होते. कागदाची अट घालावी, त्या जमिनीत तिसऱ्याचा हितसंबंध निर्माण करणार नाही अशी हमी घ्यावी, तिची नोंद सातबाऱ्याच्या इतर हक्कात येईल हे पाहावे. फिर्यादीला आज खरी भीती असते ती जमीन पुढे सरकण्याची. ही भीती घालवणारी अट त्याला चार लाखांपेक्षा जास्त उपयोगाची आहे. आणि फिर्यादीला या टप्प्यावर ऐकूनच घेऊ नये हा जुना समज आता सोडावा. पीडिताला कार्यवाहीच्या प्रत्येक टप्प्यावर म्हणणे मांडता आले पाहिजे, असे २०२२ मध्ये जगजीत सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले आहे.

आता त्या दोघांकडे येतो, ज्यांनी ‘यांना आम्ही ओळखतो’ म्हणून अंगठा उठवला. पेण-रोह्याच्या डोंगरपट्ट्यातल्या कातकरी वाडीवरचा मजूर, वीटभट्टीवर जाणारा, सकाळी नाक्यावर उभा असताना कुणीतरी गाडीत बसवून नेतो. जेवण, थोडे पैसे, एक अंगठा. कशावर, ते त्याला वाचता येत नाही. कधी तो स्वतःच लुबाडलेला असतो: आदिवासीची जमीन जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीशिवाय बिगर आदिवासीला जात नाही, म्हणून तिच्याभोवती कराराच्या आडून अंगठे गोळा केले जातात. आणि कधी तो साक्षीदार म्हणून आरोपी होतो. अटकपूर्व जामीन हा उपाय त्याच्या दारापर्यंत येतच नाही. गुन्हा दाखल झाला हे त्याला पोलीस वाडीवर आल्यावर कळते. अर्ज करायला आधी बातमी कळावी लागते, मग वकील, मग अलिबागची एसटी, मग एक दिवसाची मजुरी सोडणे, मग पुढची तारीख. पैसा लावणाऱ्याचा अर्ज मंजूर झालेला असतो तेव्हा हा कोठडीत असतो, आणि तपास अधिकारी लिहितो, एका आरोपीस अटक.

कायद्याने त्याच्यावर अन्याय केलेला नाही, असे म्हणता येईल. कलम सगळ्यांसाठी आहे. पण जिल्हा विधी सेवा प्राधिकरण मोफत वकील देते ते साधारणपणे अटकेनंतर कामाला येते. अटकेच्या भीतीच्या टप्प्यावर तो वकील वाडीपर्यंत पोहोचला पाहिजे. आणि पोलिसांनी अशा माणसाला आरोपी करण्याआधी साक्षीदार करता येईल का ते पाहावे. तोतया कुणी आणला, गाडी कुणाची होती, पैसे कुणी दिले, हे तोच सांगू शकतो, आणि कोठडीत टाकून त्याला गप्प बसवण्यात फायदा फक्त वरच्याचा आहे.

माझ्या कसोटीची एक बाजू लंगडी आहे, ती झाकून ठेवणे बरोबर नाही. कागद सरकारी दप्तरात आहे म्हणून सुरक्षित, असे मी म्हणालो. पण आरोपी जर त्याच दप्तराचा सांभाळ करणारा असेल तर? फेरफाराच्या वहीत मागची तारीख टाकून नोंद घुसवल्याचा आरोप वही ज्याच्या टेबलावर असते त्याच्यावर असेल, बोगस कर्जखात्याचा आरोप खातेवही ज्यांच्या ताब्यात आहे त्यांच्यावर असेल, तेव्हा ‘कागद शासनाकडे आहे, बँकेकडे आहे’ हे उत्तर पोकळ ठरते. पेणच्या ठेवीदारांनी तेच अनुभवले: ज्या वहीत त्यांची ठेव लिहिली होती त्याच संस्थेच्या वह्यांत बोगस कर्जे लिहिली गेल्याचा आरोप झाला. अशा अर्जदाराच्या बाबतीत पद, नोकरीची वर्षे, पळून न जाण्याची हमी यांनी फारसे काही सिद्ध होत नाही, कारण त्याला पळून जायची गरजच नसते. तो कार्यालयात बसूनच पुरावा बदलू शकतो. तिथे क्रम उलटा करावा लागेल. फिर्याद आल्याच्या दिवशी वही पंचनाम्यासह ताब्यात घ्यायची, संगणकातल्या नोंदींची प्रत आणि कुणाच्या लॉगिनने कोणती नोंद केव्हा झाली याचा अहवाल मागवायचा, त्या माणसाला त्या टेबलावरून हलवायचे. एवढे झाल्यावर त्याच्या अर्जाचा विचार इतरांसारखाच, मोकळ्या मनाने करावा. हे झालेले नसताना सरकारी वकील उभे राहून ‘गुन्हा गंभीर आहे’ एवढेच म्हणत असतील, तर न्यायालयाने त्यांना विचारावे की फिर्याद नोंदवून इतके दिवस झाले, ती वही अजून त्याच कपाटात का आहे.